मदत हवी आहे : विषाणूंच्या वंशवृक्षाचं मूळ चुकीच्या जागी बसतंय

नमस्कार मंडळी. बडोद्यात दांडिया बाजारातल्या अभ्यासवर्गात मुलांना दोन वंशवृक्ष समोरासमोर मांडून दाखवायचे आहेत. एक प्रायमेट्सचा (माकडं, वानरं वगैरे), सायटोक्रोम-बी जनुकावरून (११४० बेस, म्हणजे डीएनएची अक्षरं), दुसरा त्यांच्या शरीरात राहणाऱ्या फोमी विषाणूंचा (रेट्रोव्हायरसचा एक गट), त्यांची विकरं बनवणाऱ्या पोल जनुकावरून. विषाणूचं बाह्य आवरण बनवणारा एन्व्ह जनुक मुद्दाम टाळलाय, त्यात पुनःसंयोग होतो (वेगवेगळ्या विषाणूंचे तुकडे एकत्र जोडले जातात). हे विषाणू ३ कोटी वर्षांहून जास्त काळ यजमानांसोबतच वेगळे होत आलेत, त्यामुळे फांद्या बऱ्याच जुळायला हव्यात. इतका सुंदर पुरावा क्वचितच मिळतो!

माफ्ट प्रोग्रामने अलाइनमेंट (क्रम एकाखाली एक जुळवणं), झाड बांधणाऱ्या आयक्यू-ट्री प्रोग्राममध्ये मॉडेल-निवड (बदल कसे होतात याचं गणिती गृहीतक), अल्ट्राफास्ट बूटस्ट्रॅप १००० (प्रत्येक फांदीला १००पैकी किती आधार आहे ते तपासणाऱ्या फेऱ्या). प्रायमेट्सचं झाड चोख येतं. विषाणूंच्या झाडात मात्र घोड्याचा फोमी विषाणू बाह्यगट म्हणून (झाडाचं मूळ ठरवायला घेतलेला बाहेरचा नातेवाईक) घातला की मूळ ओरांगउटानच्या लांब फांदीवर जाऊन बसतं. तिथला आधार ७१. ९५च्या खाली भरवसा ठेवता येत नाही. बाह्यगट फार दूरचा आहे आणि तिसऱ्या कोडॉन-स्थानी (एक अमिनो आम्ल ठरवणाऱ्या तीन बेसपैकी तिसरा, जो सर्वात पटकन बदलतो) बदलांवर बदल साचलेत, असा अंदाज आहे.

तिसरं स्थान वगळावं, की सरळ अमिनो आम्लांवर झाड बांधावं? की स्पायडर मंकीचा विषाणू बाह्यगट म्हणून पुरेल? कुणी हे करून पाहिलं असेल तर कोणतं मॉडेल वापरलं तेही कृपया लिहा.