ईधींच्या कामाची रचना: रुग्णवाहिका, झूला, बेवारस मृतदेह आणि पैसा

तालुकावासी

पाकिस्तानातल्या कराचीचे समाजसेवक अब्दुल सत्तार ईधी यांच्यावर मराठीत जे वाचायला मिळतं ते बहुतेक त्यांच्या साधेपणापाशी थांबतं: कपड्यांचे दोन जोड, कचेरीला लागूनच राहणं, पगार नाही. ते सगळं खरं, पण त्यातून काम चालायचं कसं हे कळत नाही. आमच्या मंडळात लोकवर्गणीतून एक रुग्णवाहिका घ्यायची आणि बेवारस मृतदेहांचे अंत्यसंस्कार करायचे असा विचार चालू आहे. काहींचं म्हणणं, ईधींसारखा पाळणाही (झूला) ठेवावा, ज्यात नको असलेलं बाळ कुणीही सोडून जाऊ शकतं. पैसा कुठून यायचा आणि हिशेब कसा ठेवायचे? गाड्या कशा चालायच्या? पाळण्यातल्या बाळाचं पुढे काय व्हायचं, आणि आपल्याकडे ते कायद्यात बसतं का? जाणकारांनी सविस्तर लिहावं.

मीठादर

आधी पैशाचं लिहितो, कारण बाकी सगळं त्यावर उभं आहे.

ईधींचा जन्म १९२८ साली काठियावाडातल्या बांटव्याचा. मेमन कुटुंब, घरात गुजराती-मेमनी. फाळणीनंतर ते कराचीला आले आणि कापडबाजारात फिरू लागले. कराचीतल्या मीठादर भागात बांटवा मेमनांचा दवाखाना होता, तिथे ते स्वयंसेवक होते. तिथली औषधं मेमनांपुरतीच, यावरून खटका उडाला. १९५१मध्ये त्यांनी त्याच भागात स्वतःचा छोटा दवाखाना उघडला, कोणत्याही जातीधर्माच्या माणसासाठी. १९५७च्या फ्लूच्या साथीत तंबू टाकून रुग्ण तपासले, तेव्हा लोकांचा विश्वास बसला. त्या वेळच्या देणगीतून जुनी हिलमन गाडी घेतली, ती पहिली रुग्णवाहिका.

सरकारी अनुदान त्यांनी कधी घेतलं नाही. भर राहिला तो रस्त्यावरच्या छोट्या रकमांवर. स्वतः झोळी पसरून चौकात उभे राहायचे. पण रक्कम छोटी असली तरी तिला शिस्त लागते, कारण मुस्लीम दानाचे प्रकार वेगळे आणि प्रत्येकाचे नियम वेगळे. जकात म्हणजे वर्षभर टिकलेल्या बचतीच्या अडीच टक्के. ती कुणी द्यायची याची मर्यादा ८७.४८ ग्रॅम सोनं किंवा ६१२.३६ ग्रॅम चांदी, वर्ष चांद्र. हनफी या मुस्लीम धर्मशास्त्राच्या परंपरेप्रमाणे जकात गरजूच्या मालकीची झाली पाहिजे. म्हणजे त्या पैशातून कुणाला औषध, धान्य देता येतं. पण गाडी घेणं, ड्रायव्हरचा पगार, इमारतीचं छप्पर हे सरळ जकातीतून भागत नाही. त्यासाठी सदका (ऐच्छिक दान), अतिया (साधी देणगी) ही खाती. पावतीवर देणाऱ्याने प्रकार लिहायचा आणि पैसे त्याच खात्यात जायचे. संस्था अडखळतात त्या इथेच. गाडीच्या दुरुस्तीला पैसे कमी पडले की जकातीला हात लागतो, आणि एकदा हे बाहेर आलं की पुढच्या रमजानला देणगीदार येत नाहीत.

१९८०च्या जकात अध्यादेशाने पाकिस्तानात बचत खात्यांतून १ रमजानला अडीच टक्के कापले जाऊ लागले. बरेच लोक आदल्या दिवशी पैसे काढून घ्यायचे आणि आपल्या विश्वासाच्या संस्थेला स्वतः द्यायचे. ईधींना मिळणारा पैसा याच विश्वासाचा.

बकरी ईदला कुर्बानीच्या जनावरांच्या कातड्यांचं दान हाही एक मोठा मार्ग. त्यात वेळ महत्त्वाची: कातडं काढल्यावर काही तासांत मीठ लावलं नाही तर उन्हात सडतं आणि भाव उतरतो.

तुमच्यासाठी यातलं घेण्यासारखं इतकंच: दानाचा हेतू पावतीवर लिहा आणि खाती वेगळी ठेवा. देणगीदारांना आयकरात सवलत देणारी ८०जी मान्यता घेतलीत तर २,००० रुपयांवरच्या रोख देणगीला देणाऱ्याला सवलत मिळत नाही, हेही आधीच सांगा.

स्ट्रेचर

गाड्यांचं सांगतो. ईधींच्या ताफ्यात शेवटच्या काळात सुमारे १,८०० रुग्णवाहिका होत्या, बोलवायचा फोन क्रमांक ११५. बहुतेक सुझुकीच्या छोट्या व्हॅन. कराचीच्या गल्ल्यांत मोठी गाडी वळत नाही, व्हॅन वळते. सुटे भाग कुठेही मिळतात, मेकॅनिक कोपऱ्यावर. आत एक स्ट्रेचर, एक ड्रायव्हर. फोन आला की उचल आणि जवळच्या रुग्णालयात पोचव. भाडं नाममात्र.

हेच त्याचं बळ आणि हीच मर्यादा. हृदयविकार, बाळंतपण, चाकूचा वार यात वेगाने पोचणंच अर्धा उपचार असतो. पण अपघातात मान दुखावलेली असेल आणि दोघांनी हातपाय धरून उचललं, तर मज्जारज्जूला कायमची इजा होऊ शकते. ईधींची गाडी हजारो वेळा एकमेव गाडी होती म्हणून तिचं मोल. आज तीच पद्धत जशीच्या तशी उचलू नका. महाराष्ट्रात १०८ सेवा २०१४पासून आहे, ९३७ गाड्यांनी सुरू झाली, त्यातल्या २३३ अतिदक्षतेच्या. तुमची गाडी तिच्याशी स्पर्धा करणारी नको. डायलिसिस, डिस्चार्ज, रुग्णालयातून दुसऱ्या रुग्णालयात नेणं, हे ती भागवू शकते.

गाडी घेताना ए.आय.एस. १२५ या रुग्णवाहिकांच्या मानकातले प्रकार बघा: ए म्हणजे प्रथम प्रतिसादाची, बी साधी रुग्णवाहतुकीची, सी मूलभूत उपचारांची, डी अतिदक्षतेची. बी घेऊन तिच्यावर ‘अतिदक्षता’ लिहू नका.

चोवीस तास एक गाडी म्हणजे आठवड्याचे १६८ तास. ४८ तासांचा एक ड्रायव्हर धरला तरी साडेतीन माणसं लागतात, रजा धरून चार. मंडळं दोघांवर भागवायला बघतात आणि तिसऱ्या महिन्यात पहाटेचा फोन उचलायला कुणी नसतं.

ऑक्सिजनचा बी प्रकारचा सिलिंडर भरलेला असताना सुमारे १,५०० लिटर देतो. मिनिटाला ५ लिटर लावला तर ५ तास, १० लावला तर अडीच. काटा पाव भागावर आला की बदला. आणि सिलिंडरची चावी साखळीने सिलिंडरलाच बांधा. गाडी भरलेली असते, सिलिंडर भरलेला असतो, आणि चावी दुसऱ्या गाडीत गेलेली असते. हे फार वेळा होतं. मानेची कॉलर दोन मापांत आणि स्पाइन बोर्ड (पाठीचा कणा हलू न देणारी फळी) ठेवा, आणि चौघांना बोर्डवर घ्यायचं प्रशिक्षण द्या.

बालकल्याण_वाचक

झूल्याबद्दल. ईधी केंद्रांच्या दाराशी पाळणे असायचे आणि वर लिहिलेलं, मारू नका, इथे ठेवा. ठेवणाऱ्याला कुणी काही विचारत नसे. २०,०००हून अधिक बाळं यातून वाचली असं सांगितलं जातं. मुलांचा सगळा भार ईधींच्या पत्नी बिल्किस यांच्यावर होता. त्या परिचारिका, त्यांचाही जन्म बांटव्याचा. अपत्यहीन जोडप्यांची निवड त्या स्वतः करायच्या. १९८६चा मॅगसेसे पुरस्कार दोघांना मिळाला तो रास्तच होता. लोक एकट्या ईधींचं नाव घेतात ते मला पटत नाही.

एक प्रश्न कागदाचा होता. वडिलांचं नाव नसलेल्या मुलाला ओळखपत्र कसं द्यायचं? ईधी सर्वोच्च न्यायालयात गेले. २०१४मध्ये पाकिस्तानच्या नोंदणी प्राधिकरणाने अनाथालयाच्या प्रमुखाला पालक धरून नोंद करण्याची सोय केली.

भारतात मात्र बाळ सापडलं की प्रवासाचा वेळ सोडून २४ तासांच्या आत बालकल्याण समितीपुढे हजर करावंच लागतं. १०९८ या बालमदत क्रमांकावर कळवलं तरी चालतं. न कळवणं गुन्हा आहे. पालकांचा शोध घेतला जातो. कुणी आलं नाही तर दोन वर्षांपर्यंतच्या बाळाला दोन महिन्यांत आणि त्याहून मोठ्याला चार महिन्यांत दत्तकासाठी मोकळं ठरवायचं असतं. आईने समितीपुढे येऊन बाळ सोपवलं तर फेरविचाराला ६० दिवस मिळतात. म्हणजे ईधींसारखं ‘आम्ही योग्य घर शोधून दिलं’ असं तुम्ही केलंत तर चांगल्या हेतूनेही तो गुन्हा होतो. शिक्षा तीन वर्षांपर्यंत. पाळणा लावायचाच तर मान्यताप्राप्त विशेष दत्तक संस्थेच्या दारात लावा. त्यांच्याकडे रात्री बाळ सांभाळणारं माणूस आणि डॉक्टरांची सोय असते, मंडळाच्या कार्यालयात नसते. पाळण्याखाली घंटा हवी, आणि कॅमेरा ठेवणाऱ्याच्या चेहऱ्यावर नको. कॅमेरा असला की पाळणा रिकामा राहतो आणि बाळं कचऱ्यात सापडतात.

महाराष्ट्राशी नातं सांगायचं तर गीता. लहानपणी सीमेपलीकडे पोचलेली, बोलता-ऐकता न येणारी ही मुलगी ईधी केंद्रात वाढली. बिल्किसबाईंनी तिच्या खोलीत देवांच्या तसबिरी लावून दिल्या. २६ ऑक्टोबर २०१५ला ती भारतात परतली. आपल्या सरकारने जाहीर केलेले १ कोटी रुपये ईधींनी नम्रपणे नाकारले. मार्च २०२१मध्ये बिल्किसबाईंनीच सांगितलं की तिची आई महाराष्ट्रात सापडली.

तालुकावासी

तिघांचेही मनापासून आभार. पाळण्याचा विषय मंडळापुढे बंद करतो. मृतदेहांचं कुणी लिहील का?

मीठादर

ईधींकडे पोलिसांकडून मृतदेह आला की फोटो, खुणा, कपड्यांची नोंद आणि एक क्रमांक. कराचीतल्या सोहराब गोठच्या त्यांच्या शवागारात काही दिवस वाट पाहायची. कुणी आलं नाही तर धार्मिक विधीने अंघोळ घालून, पुरुषाला तीन आणि बाईला पाच कापडांचं कफन, मग मवाछ गोठच्या कब्रस्तानात दफन. कबरीवर नाव नाही, तोच क्रमांक. वर्षांनी नातेवाईक आले तर वहीतला फोटो आणि कबर जुळते. कुजलेल्या देहांना ईधी स्वतः हात लावायचे.

रचना कुठे तुटली ते जून २०१५मध्ये दिसलं. उष्म्याच्या लाटेत कराचीत हजारावर माणसं गेली आणि शवागाराची जागा संपली.

तुमच्याकडे पोलिसांच्या लेखी पत्राशिवाय देहाला हात लावायचा नाही. पंचनामा, शवविच्छेदन आणि डीएनए नमुना झाल्याची नोंद हाती घ्या. क्रमांक कागदावर लिहून बांधलात तर भिजून पुसला जातो; पत्र्याच्या बिल्ल्यावर ठोका, एक पायाच्या अंगठ्याला, दुसरा वहीत. धर्म कळला नाही तर पोलीस पत्रात जे लिहितील तेच करा, अंदाज करू नका, आणि शक्यतो दफन करा. दहन केल्यावर नातेवाईकांच्या हाती फक्त फोटो उरतो.