मदत हवी आहे: इलियडमधल्या घोड्यांसाठी मराठी शब्द

नमस्कार मंडळी,

आमच्या वाचनालयाच्या गटात पुढच्या महिन्यात होमरच्या 'इलियड' या प्राचीन ग्रीक महाकाव्यातले निवडक प्रसंग मराठीत वाचून दाखवायचे आहेत. मला ग्रीक येत नाही. दोन इंग्रजी भाषांतरं आणि एक शब्दकोश समोर ठेवून काम चाललंय. घोड्यांचे प्रसंग मी हट्टानं मागून घेतले आणि आता त्यातच अडकलेय.

ग्रीक वीर अकिलीसचा जिवलग मित्र पॅट्रोक्लस मारला गेल्यावर, सतराव्या सर्गात, अकिलीसचे दोन अमर घोडे, झॅन्थस आणि बॅलियस, लढाईच्या बाजूला उभे राहून रडतात. सारथी ऑटोमेडॉन चाबूक ओढतो, गोंजारतो, दम देतो, पण ते जागचे हलत नाहीत. माना खाली, गरम आसवं जमिनीवर, आणि जुवाखालच्या गादीतून निसटलेली आयाळ दोन्ही बाजूंनी धुळीत लोळतेय. पुढे तेविसाव्या सर्गात अकिलीस सांगतो की पॅट्रोक्लस त्यांना स्वच्छ पाण्यानं धुऊन आयाळीला तेल लावायचा. हे वाचल्यावर रडण्याचा अर्थ लागतो. मोतद्दार गेल्यावर घोडं वैरण सोडतं असं आजोबा सांगायचे, ते आठवलं.

पहिली अडचण इथेच आहे. होमर म्हणतो, ते घोडे मेलेल्या पुरुषाच्या किंवा बाईच्या थडग्यावर रोवलेल्या शिळेसारखे निश्चल उभे होते. मला झटकन 'वीरगळ' सुचलं. पण वीरगळ लढताना पडलेल्याची, आणि होमरनं तर बाईचाही मुद्दाम उल्लेख केलाय. 'समाधीची शिळा' लिहिलं तर कुणी संत डोळ्यांसमोर येतो. सध्या 'थडग्यावरचा दगड' ठेवलंय, पण ते कोरडं वाटतं.

दुसरी अडचण सोळाव्या सर्गातली. अकिलीसच्या रथाला तिसरा घोडाही बांधलेला असतो, पेडॅसस. तो जुवात नाही, बाजूला नुसत्या वादीनं जोडलेला आहे, आणि तिघांत तोच एकटा मर्त्य. ट्रॉयच्या बाजूनं लढणाऱ्या सार्पेडॉनचा भाला त्याला लागतो, तो किंचाळत धुळीत कोसळतो, जुवातले दोघे बिथरून फाकतात, जू करकरतं, लगाम गुंततात. ऑटोमेडॉन तलवार उपसून त्याची वादी तोडतो. अशा बाजूच्या घोड्याला मराठीत नेमका शब्द आहे का? तुमच्या घरात कुणी टांगा किंवा बग्गी हाकली असेल तर कृपया विचारून सांगा. 'तिसरा घोडा' म्हटलं तर चालतंय, पण जुवाबाहेरचा असणं हेच त्याचं दुर्दैव, ते शब्दात यायला हवं.

खरी झोप उडवलीय ती शेवटच्या ओळीनं. अख्खं महाकाव्य एका शब्दावर संपतं: 'हिप्पोदामोस', घोड्यांना वठणीवर आणणारा, ट्रॉयचा वीर हेक्टर याचं विशेषण. गंमत म्हणजे यातला 'हिप्पोस' आपल्या 'अश्व'चा सख्खा भाऊ आणि दुसरा भाग 'दमन'च्या नात्यातला. म्हणजे 'अश्वदमन' लिहिलं की शब्दाला शब्द जुळतो. तरीही ते मला पटत नाही. आठव्या सर्गात हेक्टर आपल्या घोड्यांना आठवण करून देतो, की माझी बायको अँड्रोमाकी माझ्याआधी तुम्हाला गोड गहू घालायची, द्राक्षारस पाजायची. ज्या घरात धन्याच्या आधी घोडे जेवतात, तिथे 'दमन' कसं शोभेल? 'चाबूकस्वार' हा घोडे तयार करणाऱ्याचा आपला अस्सल शब्द, पण ती पागेतली नोकरी झाली, आणि हेक्टर तर राजपुत्र. शिवाय हेच विशेषण होमर सगळ्या ट्रोजनांना, म्हणजे ट्रॉयच्या लोकांना लावतो, ग्रीक वीर डायोमीडीजलाही लावतो, त्यामुळे शब्द सगळीकडे बसला पाहिजे.

'माणसाळवणारा' हा शब्द मला फार आवडलाय. अर्थ बरोबर आहे, शिवाय त्यात माणूस आहे. पण वाक्याच्या अगदी शेवटी तो आणायचा तर मराठीचं क्रियापद आधी आणावं लागतं:

'असे पार पडले अंत्यसंस्कार हेक्टरचे, त्या घोडे माणसाळवणाऱ्याचे.'

मोठ्यानं वाचताना मला शेवट जरा लांबल्यासारखा वाटतो. तुम्ही वाचून पाहा आणि कुठे अडखळता ते सांगा. दुसरा शब्द सुचला तर याच ओळीत घालून लिहा, म्हणजे तोही कानाला कसा लागतो ते कळेल.