फोर्टचा हेरिटेज वॉक: आईला घेऊन जमेल का?

कृष्णाकाठची

नमस्कार मंडळी. पुढच्या महिन्यात मावसभावाच्या लग्नाला आम्ही सांगलीहून मुंबईत येतोय. लग्न शनिवारी संध्याकाळी दादरला, परतीची गाडी रविवारी रात्री, म्हणजे मधला दिवस मोकळा. सोबत भाचा आहे, अकरावीतला. आर्किटेक्चरला जायचं त्यानं डोक्यात घेतलंय आणि फोर्टमधल्या जुन्या इमारती बघायच्याच म्हणून हटून बसलाय. गाईडबरोबर दोन तास चालत फिरायचे हेरिटेज वॉक असतात असं कळलं.

अडचण आईची. वय ६८, गुडघे कुरकुरतात, पण घरी थांब म्हटलं की चिडते. वर तिचं म्हणणं, "त्या साहेबाच्या इमारती बघायला पैसे कशाला मोजायचे? बाहेरून तर बघायच्यात." तिचं अगदीच चुकतंय असंही वाटत नाही. तर, गाईड घ्यावा का आपलं आपण फिरावं? कुठून कुठपर्यंत? आणि मराठीत सांगणारा गाईड मिळतो का?

डोंबिवली फास्ट

रविवार उत्तम. ऑफिसं बंद, त्यामुळे फुटपाथ मोकळे. सकाळी साडेसातला सुरू होणारा वॉक बघा, दहानंतर उन्हानं जीव जातो. मराठी गाईड मिळतो, पण बुकिंग करतानाच तसं सांगून ठेवा. नाहीतर ग्रुपमध्ये एकजण जरी बाहेरचा असला की गाडी इंग्रजीवर जाते आणि परत येत नाही.

बोरीबंदरकर

ताई, गाईड घ्या. मी फोर्टात नोकरी करून निवृत्त झालोय. गावाकडून पाहुणे आले की त्यांना तिकडे फिरवून आणायचं खातं घरात माझ्याकडेच, आणि इतरांचे वॉकही करून बघितलेत. तेव्हा जरा सविस्तर लिहितो.

तुमच्या आईंच्या प्रश्नापासूनच सुरुवात करतो, कारण तो प्रश्न गाईडलाही पडायला हवा. साहेबाच्या इमारती खऱ्या, पण पैसा आणि हात बऱ्याच ठिकाणी साहेबाचे नाहीत. युनिव्हर्सिटीचा राजाबाई टॉवर घ्या. आराखडा लंडनच्या जॉर्ज गिल्बर्ट स्कॉटचा. हा गृहस्थ मुंबईत कधी आलाच नाही, नकाशे तिकडूनच आले. पैसा प्रेमचंद रायचंद या व्यापाऱ्याचा. अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं, तिकडचा कापूस इंग्लंडला मिळेना, मग इथल्या कापसाला सोन्याचा भाव आला, त्या तेजीत कमावलेला. नाव त्याच्या आईचं. १८७८ साली पुऱ्या झालेल्या या २८० फुटी मनोऱ्याच्या कोनाड्यांत माणसांचे २४ पुतळे आहेत. देवदूत नाहीत की संत नाहीत, पश्चिम भारतातल्या जातीजमातींची माणसं आहेत, आपापल्या पोशाखात. त्यांचे नमुने केले रावबहादूर मुकुंद रामचंद्र या सहायक अभियंत्यानं. मी केलेल्या वॉकांत हे नाव एकाच मुलीनं घेतलं. बाकीचे स्कॉटवर थांबले.

सीएसएमटीची, म्हणजे आमच्या बोरीबंदर स्टेशनची, गत तीच. त्याचा आर्किटेक्ट फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स सगळ्यांना पाठ असतो. पण १८७८ ते १८८८ अशी दहा वर्षं ते काम चाललं, त्यात स्टीव्हन्सच्या हाताखाली सीताराम खंडेराव वैद्य होते. कोरीवकामात जे. जे. कला शाळेच्या विद्यार्थ्यांचा मोठा वाटा. दर्शनी भिंतीवर जीआयपी रेल्वेच्या (आजची मध्य रेल्वे) संचालकांचे चेहरे गोल चौकटींत कोरलेत. त्यात नाना शंकरशेट आहेत आणि जमशेटजी जीजीभॉय आहेत. भाच्याला शोधायला सांगा. फाटकाच्या खांबांवर सिंह आणि वाघ बसलेत, सिंह ब्रिटनचा आणि वाघ हिंदुस्थानचा, ते दिसायला सोपं आहे. पन्हळीच्या तोंडाशी बसवलेली दगडी जनावरं मात्र मान मोडेपर्यंत वर बघितल्याशिवाय दिसत नाहीत.

मग लोकलच्या तिकीटघरात शिरा. निळं छत, त्यावर सोनेरी तारे, खाली चकचकीत दगडी खांब, खांबांच्या माथ्यावर पानंफुलं. आणि त्याच्याखाली खिडकीशी कुणीतरी सुट्ट्या पैशांवरून हुज्जत घालत असतं. आर्किटेक्चरला जाणाऱ्या पोरानं हे बघायला हवं, इमारत रोज राबते आहे. तिथं त्याला निदान दहा मिनिटं मोकळा सोडा.

आता मार्ग. "दोन तासांत संपूर्ण फोर्ट" अशी जाहिरात असेल तर तो वॉक घेऊ नका. बोरीबंदर ते गेटवे असं फरफटत नेतात आणि प्रत्येक इमारतीला एक नाव, एक साल, एक फोटो. तुमच्या आई अर्ध्यात बसतील. सीएसएमटीला सुरुवात, दादाभाई नौरोजी रोडनं हुतात्मा चौक आणि शेवट ओव्हल मैदानावर, एवढंच पुरे. नौरोजी रोडच्या इमारतींना तळमजल्यावर ओळीनं कमानींचे व्हरांडे आहेत. वेगवेगळ्या मालकांच्या इमारती, पण व्हरांडा एकाला एक लागून, तसा नियमच होता तेव्हा. त्यामुळे सावलीसावलीनं जाता येतं. पायऱ्या मधेच लहानमोठ्या होतात, तिथं आईंचा हात धरा.

युनिव्हर्सिटीच्या आवारात सरसकट सोडत नाहीत, टॉवरवर तर नाहीच. तो ओव्हलच्या बाजूनं, भाऊराव पाटील मार्गावरून बघायचा. शेजारी हायकोर्ट, कर्नल फुलरचं, तेही १८७८ चंच. मैदानाच्या कडेला उभं राहिलं की एका हाताला ही टोकदार कमानींची दगडी गॉथिक रांग आणि दुसऱ्या हाताला १९३० नंतरच्या आर्ट डेको इमारती, गोल गच्च्यांच्या. मधे पोरांचं क्रिकेट. या दोन्ही रांगा मिळून २०१८ साली जागतिक वारसा यादीत गेल्या. सीएसएमटी त्याआधी, २००४ ला. हायकोर्टाच्या कोरीवकामात एका डोळ्यावर पट्टी बांधलेलं माकड न्यायाधीश आहे, हातात तराजू. त्याची गोष्ट प्रत्येक गाईड वेगळी सांगतो. ऐकून घ्या, मजा येते, पण वहीत लिहू नका.

तसंच वॉटसन हॉटेलचं. जमशेटजी टाटांना तिथं आत घेतलं नाही म्हणून त्यांनी ताज बांधलं, हे तुम्हाला हमखास ऐकवतील. त्याला पुरावा काय, असं भाच्याला विचारायला लावा. गाईड चांगला असेल तर हसेल. त्यापेक्षा वॉटसनच्या इमारतीचं खरं नवल सांगायला हवं. सगळा लोखंडी सांगाडा इंग्लंडमध्ये ओतून, बोटीनं आणून १८६० च्या दशकात इथं जोडला. आणि ७ जुलै १८९६ ला लुमिएर बंधूंची हलती चित्रं मुंबईनं पहिल्यांदा बघितली ती तिथंच.

दगडधोंडे

भूगर्भशास्त्राचा मास्तर आहे, म्हणून एवढंच घालतो. भाच्याला दगड ओळखायला सांगा. करडा-निळसर तो कुर्ल्याकडचा बेसॉल्ट, पिवळट तो मालाडचा. बारीक नक्षीला पोरबंदरचा चुनखडी दगड वापरलाय. तो मऊ, छिन्नीला पटकन वश होतो, आणि त्याच कारणानं खाऱ्या हवेत झिजतोही लवकर. एकाच खिडकीत कमान धारदार आणि तिच्यातली फुलं गुळगुळीत झालेली दिसली, तर कारण हे. मालाडच्या खाणी कधीच्या बंद. त्या जागी आता मॉल आणि काचेची ऑफिसं उभी आहेत, आणि डागडुजी करणाऱ्यांची जुळता दगड शोधताना दमछाक होते.

एकशेपाच

सगळं वाचलं. छान आहे. पण मला या वॉकांचा एक राग आहे. हुतात्मा चौकात आणतात, फ्लोरा फाउंटन १८६४, पोर्टलंडचा दगड, नॉर्मन शॉचं डिझाइन, मुळात भायखळ्याच्या बागेसाठी केलं होतं, एवढं सांगतात आणि पुढं चालायला लागतात. शेजारी संयुक्त महाराष्ट्राच्या हुतात्म्यांचं स्मारक, मशाल धरलेले शेतकरी-कामगार उभे आहेत, त्यांच्याकडे पाठ. "ते कलोनियल नाही ना" असं मला एका गाईडनं तोंडावर सांगितलं होतं. मराठी माणसानं पैसे देऊन हे ऐकायचं?

बोरीबंदरकर

@एकशेपाच, राग पटला, पण उपाय वॉक सोडणं नाही. उलट तिथं वास्तुकलेतूनच गोष्ट सांगता येते. रीगल सिनेमासमोर राज्य पोलिसांचं मुख्यालय आहे ना, ती इमारतही स्टीव्हन्सचीच. बोरीबंदर मिळायच्या आधीची, १८७६ ला पूर्ण झालेली, गोऱ्या खलाशांसाठी बांधलेलं रॉयल आल्फ्रेड सेलर्स होम. १९२८ पासून तिथं कायदेमंडळ भरायचं. २१ नोव्हेंबर १९५५ ला संयुक्त महाराष्ट्राचा मोर्चा निघाला तो त्याच इमारतीकडे, आणि फ्लोरा फाउंटनपाशी गोळीबार झाला. विधिमंडळ तिथून नरिमन पॉइंटला गेलं १९८१ मध्ये. खलाशांची वसतिगृहासारखी इमारत, मग सभागृह, मग पोलीस. हे न सांगणारा गाईड कलोनियलही नीट सांगत नाही, असं माझं मत.

ताई, बुकिंगच्या फोनवर हाच एक प्रश्न विचारा, "हुतात्मा चौकात किती वेळ थांबता?" उत्तरावरून माणूस कळेल.

कृष्णाकाठची

बाप रे, किती मनापासून लिहिलंत सगळ्यांनी! आईला राजाबाईचं वाचून दाखवलं. "पोरानं आईच्या नावानं एवढं बांधलं होय," म्हणाली आणि लगेच, "आणि तू मला साध्या वॉकला न्यायला कुरकुर करतेस." कुरकुर कोण करत होतं ते जाऊ दे. पैशांचा मुद्दा तेवढा मागं पडला.

भाचा दुर्बीण घेऊन येणार म्हणतोय, पुतळे बघायला. काकांनी सांगितला तेवढाच टप्पा करू. फक्त आईला मधे बसायला कुठं मिळेल? आणि ओव्हलवरून दादरला परत यायला पुन्हा सीएसएमटीपर्यंत चालायचं का?

बोरीबंदरकर

अजिबात नको. ओव्हल संपलं की चर्चगेट समोरच आहे, तिथून लोकल घ्या. रविवारी मध्य रेल्वेवर मेगाब्लॉक असतो. पश्चिम रेल्वेवर जंबोब्लॉक असतो कधीकधी, तेव्हा आदल्या दिवशी दोन्हीकडचं बघून ठेवा. चर्चगेटहून गाडी सुटते म्हणजे आईंना बसायला जागा मिळते, हा मोठा फायदा.

मधे बसायचं तर हुतात्मा चौकातून पाच-सात मिनिटं आत हॉर्निमन सर्कलची बाग आहे. सावली भरपूर. समोर टाउन हॉलचे १८३३ सालचे डोरिक, म्हणजे ग्रीक पद्धतीचे, खांब, बसल्या जागेवरून दिसतात. त्याच्या तीस पायऱ्या आईंना चढवू नका, भाच्याला पाठवा. पण बाग सकाळी किती वाजता उघडते ते गाईडला आधी विचारून घ्या. आणि निघण्यापूर्वी सगळ्यांना पोटभर नाश्ता द्या. रविवारी त्या भागातली बरीच खाण्याची दुकानं बंद असतात. बोरीबंदरासमोर पुरीभाजी किंवा वडापाव मिळाला तर तिथंच उरकून घ्या.