हुकूमशाही वृत्ती मोजणारी प्रश्नावली: उलटी विधानं काढून टाकली की अल्फा वाढतो. काढावीत का?

चौकटमोड (धागाकर्ती)

अधिकारवादी व्यक्तिमत्त्वावरच्या पदव्युत्तर प्रबंधासाठी मापनश्रेणी ठरवायची आहे. तीन गोष्टींवर जाणकारांचं मत हवंय.

१९५० च्या एफ स्केलबद्दल (हुकूमशाही वृत्ती मोजणारी जुनी प्रश्नावली) 'सदोष, वापरू नका' एवढंच वाचायला मिळतं. पण तिच्यामागची लक्षणं (वरच्यापुढे वाकणं, खालच्यावर गुरकावणं, रूढींना घट्ट धरून राहणं) आजही पटतात. मग दोष नेमका कुठे आहे?

मानसशास्त्रज्ञ ऑल्टमायर यांच्या आरडब्ल्यूए (राइट-विंग ऑथॉरिटेरियनिझम) श्रेणीची २२ विधानं मराठीत आणली आहेत. पहिली दोन सरावाची असल्याने गुणांकनात धरलेली नाहीत. उरलेल्या २० पैकी १० सुलट ('सहमत' म्हटलं की हुकूमशाही वृत्तीचे गुण वाढतात) आणि १० उलट ('सहमत' म्हटलं की कमी होतात). ४० जणांच्या पूर्वचाचणीत अल्फा (विधानं एकमेकांशी किती जुळतात याचा आकडा) ०.४५ आला. फक्त १० सुलट विधानं ठेवली तर ०.७६. उलटी काढून टाकावीत असा सल्ला मिळतोय. काढू का?

आणि एसडीओ (सोशल डॉमिनन्स ओरिएंटेशन, गटांमधल्या उच्चनीचतेकडे कल मोजणारी श्रेणी) सोबत घ्यावी, की आरडब्ल्यूएवर भागेल?

---

मापनपट्टी

काढू नका. तुमचा पहिला आणि दुसरा प्रश्न खरं तर एकच आहे. उलटी विधानं काढलीत तर १९५० मध्ये झालेली चूक तुम्ही पुन्हा कराल.

अडोर्नो, फ्रेंकेल-ब्रुन्स्विक, लेव्हिन्सन आणि सॅनफर्ड यांनी एफ स्केलची सगळी विधानं एकाच दिशेने लिहिली होती. प्रत्येक विधानाला 'सहमत' म्हटलं की हुकूमशाही वृत्तीचे गुण वाढत. पण समोर ठेवलेल्या कोणत्याही ठाम वाक्याला मान डोलावण्याची सवय माणसामाणसांत कमीजास्त असते. शिक्षण कमी असेल, विषय अपरिचित असेल किंवा विचारणारा माणूस प्रतिष्ठित वाटत असेल तर ती वाढते. एकाच दिशेच्या श्रेणीत ही सवय थेट गुणांत मिसळते.

आकडे मांडून बघा. ऑल्टमायर यांच्या पद्धतीत उत्तर -४ ते +४ असतं, त्याचे १ ते ९ करायचे आणि कोऱ्या किंवा तटस्थ उत्तराला ५. एकजण काहीही न वाचता २० ही विधानांना +२, म्हणजे ७ देतो. सगळी विधानं सुलट असतील तर त्याचे १४० होतात, म्हणजे १०० या मध्यबिंदूच्या बरेच वर. निम्मी उलटी असतील तर १० × ७ आणि १० × ३, एकूण १००. म्हणजे बरोबर मध्यावर. २० ते १८० च्या पट्टीवर चाळीस गुणांचा हा फरक केवळ होकारातून आला, वृत्तीचा त्यात काहीही वाटा नाही.

तुमच्या ०.७६ चं कोडंही इथेच सुटतं. दहा सुलट विधानांमध्ये वृत्ती सामायिक आहे आणि होकाराची सवयही. अल्फाला सामायिक काहीही चालतं, ते काय आहे याची तो चौकशी करत नाही. उलटी विधानं फेकून दिलीत की या दोन गोष्टी वेगळ्या करायला हातात काहीच उरणार नाही.

एफ स्केलच्या संशोधनात दुसरीही मोठी खोट होती, ती मुलाखतींची. मुलाखत घेणारे आधी त्या माणसाची भरलेली प्रश्नावली वाचून जात. त्यामुळे प्रश्नावलीला मुलाखतीतून मिळालेला दुजोरा स्वतंत्र मानता येत नाही. हायमन आणि शीट्सली यांनी १९५४ मध्ये हे सविस्तर दाखवलं. निवडलेले लोक प्रातिनिधिक नव्हते आणि शिक्षणाचा परिणाम वेगळा काढलेला नव्हता, हेही त्यांचेच आक्षेप. मात्र त्या गटाने टिपलेल्या नऊ लक्षणांपैकी तीन पुढच्या काटेकोर तपासणीत टिकली: सत्तेपुढे शरणागती, सत्तेच्या आशीर्वादाने केलेली आक्रमकता आणि रूढिनिष्ठा. ऑल्टमायर यांनी १९८१ मध्ये याच तिघांवर आरडब्ल्यूए उभी केली. तुम्हाला ती लक्षणं पटतात यात नवल नाही. मोडकी होती ती पट्टी.

आता ०.४५ कडे येऊ. भाषांतराला दोष देण्याआधी एक तपासणी करा. गुण उलटवण्यापूर्वीच्या कच्च्या आकड्यांवर सुलट दहांची सरासरी आणि उलट दहांची सरासरी काढा आणि दोन्हींचा सहसंबंध बघा. तो स्पष्ट ऋण यायला हवा. शून्याजवळ असेल तर उलटी विधानं लोकांना कळलेली नाहीत किंवा होकाराने वृत्ती झाकली गेली आहे. धन असेल तर बहुतेक लोक न वाचता भरत आहेत.

---

चौकटमोड (धागाकर्ती)

तपासलं. दोन अर्धांचा कच्चा सहसंबंध -०.३८ आला. आणि तेव्हाच लक्षात आलं की उलटवण्याची आज्ञा लिहिली होती, पण अल्फा मूळ स्तंभांवरच काढला जात होता. उलटवलेले स्तंभ घेतल्यावर २० विधानांचा अल्फा ०.७८. फक्त उलट दहांचा ०.६५.

---

मापनपट्टी

मग मोठा प्रश्न सुटला. यापुढे उलटवलेल्या प्रत्येक विधानाला नवीन नाव द्या, उदाहरणार्थ 'वि०४_उ', आणि मूळ स्तंभाला हात लावू नका. मूळ स्तंभावरच उलटवणी केली आणि फाइल दुसऱ्यांदा चालवली तर गुण पुन्हा सुलटे होतात आणि कुठेही सूचना येत नाही. रूपांतराचं सूत्र १० वजा कच्चा गुण, आणि ते १ ते ९ केल्यानंतरच लावायचं. मग प्रत्येक विधानाचा उरलेल्या एकोणीस विधानांच्या बेरजेशी सहसंबंध छापून घ्या. ऋण दिसला की ते विधान उलटवायचं राहिलंय किंवा त्याचा अर्थ लोकांनी विरुद्ध घेतलाय.

तरीही ०.७८ वर फार विसंबू नका. तुमच्याच आकड्यांवरून, सगळ्या विधानांचं विचलन सारखं धरून, मी गणित केलं. दोन अर्धांचा परस्परसंबंध अगदी शून्य असता, तरी २० विधानांचा अल्फा ०.६७ च्या आसपास आला असता. म्हणजे दोन पूर्णपणे वेगळ्या गोष्टी मोजणारी प्रश्नावलीसुद्धा विधानं पुरेशी असली की बऱ्यापैकी अल्फा देते. त्यामुळे प्रबंधात अल्फासोबत तो -०.३८ ही लिहा, वाचणाऱ्याला त्यातून जास्त कळेल.

तसंच कच्च्या २० गुणांची, न उलटवता काढलेली, सरासरी प्रत्येक व्यक्तीसाठी वेगळी जपून ठेवा. ती त्या व्यक्तीच्या होकाराच्या कलाचा अंदाज आहे. समतोल श्रेणीत बेरजेवरचा त्याचा परिणाम बराचसा कटतो, पण एकेका विधानावर आणि घटक विश्लेषणात (कोणती विधानं एकत्र हलतात ते पाहून त्यांचे गट पाडणं) तो राहतोच. हा कल हिशेबात न घेता घटक विश्लेषण केलंत तर 'सुलट विधानं' आणि 'उलट विधानं' असे दोन घटक निघतील, आणि त्यांना भारदस्त नावं देण्याचा मोह होईल. ४० जणांवर तर घटक विश्लेषण करूच नका.

---

शब्दपारखी

उलट्या अर्धाचा अल्फा कमी येण्याचं एक कारण भाषेत असू शकतं.

मराठीत नकार वाक्याच्या शेवटी येतो. 'प्रस्थापित नेत्यांवर उघड टीका करणं समाजाला घातक असतं असं मानण्याचं कारण नाही' हे वाचताना घाईतला माणूस 'घातक असतं' इथेच मत बनवतो, 'कारण नाही' पर्यंत पोचत नाही. शिवाय ज्याला हे अमान्य आहे त्याला 'कारण नाही' ला 'असहमत' म्हणायचंय, म्हणजे नकाराला नकार. उलटं विधान म्हणजे सुलट विधानाच्या शेपटाला 'नाही' किंवा 'नये' जोडणं, असं समजू नका. विरुद्ध मत होकारार्थी वाक्यात मांडायचं असतं: 'नेत्यांच्या चुका लोकांनी उघडपणे बोलून दाखवल्या की समाज निरोगी राहतो.' इथे नकार कुठेच नाही आणि अर्थ नेमका विरुद्ध दिशेचा आहे.

दुसरी अडचण जोडविधानांची. ऑल्टमायर यांची मूळ विधानं लांब आणि मुद्दाम तिखट आहेत. एकाच वाक्यात संकट, खमका नेता आणि बिघडलेल्यांचा बंदोबस्त असं सगळं येतं. त्यामागे हेतू होता, कारण तीनही लक्षणं एकाच वाक्यात पकडायची होती. पण भाषांतरात असं वाक्य पाच ओळींचं होतं. कुणाला संकट मान्य असतं आणि बंदोबस्त अमान्य, तो मधला आकडा देऊन मोकळा होतो. त्यामुळे तटस्थ उत्तरं कोणत्या विधानांवर साचली आहेत ते बघा. ती विधानं बहुधा जोडलेली असतील.

भाषांतर तपासायचं तर उलट भाषांतराच्या (मराठीवरून पुन्हा इंग्रजी करून मूळाशी ताडून बघणं) आधी सहा ते आठ जणांना एकेक विधान वाचायला देऊन दोनच गोष्टी विचारा: 'हे तुमच्या शब्दांत सांगा' आणि 'तुम्ही हा आकडा का दिलात?' दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर आकड्याच्या विरुद्ध जात असेल तर विधान पुन्हा लिहा. उलट भाषांतर करणाऱ्याने मूळ श्रेणी पाहिलेली नसावी. तो चांगला भाषांतरकार असेल तर वाईट मराठी वाक्यातूनही उत्तम इंग्रजी वाक्य काढून देतो, म्हणून केवळ उलट भाषांतर जुळलं यावर समाधान मानू नका.

एक शब्द खास जपून वापरा: 'आदर'. 'वडीलधाऱ्यांचा आदर करावा' याला जवळपास सगळेच होकार देतात. सगळ्यांचं उत्तर सारखं आलं की ते विधान माणसांमधला फरक दाखवत नाही. 'आज्ञा', 'शिक्षा', 'विरोध' असे किंमत मोजायला लावणारे शब्द जास्त उपयोगी पडतात.

---

दुपदरी

एसडीओबद्दल. दोन्ही घ्या, कारण त्या दोन वेगळ्या गोष्टी मोजतात.

प्रॅटो, सिडॅनियस आणि सहकाऱ्यांनी १९९४ मध्ये मांडलेली एसडीओ विचारते: काही गट वर आणि काही खाली असावेत हे तुम्हाला योग्य वाटतं का? आरडब्ल्यूएचा प्रश्न निराळा आहे: सगळ्यांनी एका वळणाने चालावं आणि वळण मोडणाऱ्याला शासन व्हावं असं वाटतं का? डकिट यांनी २००१ मध्ये दोघांच्या वाटा वेगळ्या करून दाखवल्या. जग धोक्याचं आहे असं वाटणारा आरडब्ल्यूएकडे झुकतो. जग म्हणजे बळी तो कान पिळी असं वाटणारा एसडीओकडे. व्यक्तिमत्त्वाची मुळंही निराळी आहेत: आरडब्ल्यूएचा ऋण संबंध मुख्यतः अनुभवांबद्दलच्या खुलेपणाशी, एसडीओचा सौहार्दाशी. पूर्वग्रह दोन्हींतून येतो, पण पहिल्याला 'घातक' वाटणारा गट नको असतो आणि दुसऱ्याला 'खालचा' मानलेला गट वर आलेला सहन होत नाही. एकच श्रेणी घेतलीत तर यातला निम्मा भाग हातातून जाईल.

प्रश्नावली लांबत असेल तर २०१५ ची एसडीओ आठ विधानांच्या छोट्या रूपात आहे. आरडब्ल्यूएच्या बाजूला बिझुमिक आणि डकिट यांची २०१८ ची सहा विधानांची श्रेणी आहे, तीन लक्षणांना प्रत्येकी एक सुलट आणि एक उलट. तिचा अल्फा कमी आला तर घाबरू नका. विधानांमधला सरासरी सहसंबंध ०.२ असेल तर २० विधानांना अल्फा ०.८३ मिळतो आणि सहांना ०.६०. मोजण्याचा ऐवज तोच, लांबी तेवढी कमी.

प्रबंधात आणखी एका जागी घसरायला होतं. तुम्हाला ज्या गोष्टीचं भाकीत करायचंय तीच श्रेणीच्या विधानांत दडलेली नाही ना? कडक शिक्षेला असलेला पाठिंबा मोजायचा आणि आरडब्ल्यूएतही 'गुन्हेगारांना दयामाया नको' छापाची विधानं ठेवायची, तर सहसंबंध मोठा येणारच. अशा वेळी आक्रमकतेची विधानं वेगळी काढून विश्लेषण करा, किंवा मुलांच्या संगोपनावरचे चार प्रश्न वापरा: मुलात स्वतंत्रपणा महत्त्वाचा की मोठ्यांबद्दल आदर, कुतूहल की चांगली वागणूक, स्वावलंबन की आज्ञाधारकपणा, दुसऱ्याचा विचार करणं की शिस्तीत राहणं. अमेरिकी निवडणूक अभ्यासात हे १९९२ पासून विचारले जातात आणि राजकारण त्यात थेट येत नाही. त्यांचीही मर्यादा आहे. पेरेझ आणि हेदरिंग्टन यांनी २०१४ मध्ये दाखवलं की हे प्रश्न अमेरिकेतल्या गोऱ्या आणि काळ्या नागरिकांत सारखं मोजत नाहीत. दोन गटांच्या सरासरींची तुलना करणार असाल तर आधी मापन समानता (प्रश्न दोन्ही गटांत एकच गोष्ट मोजतात का) तपासावी लागेल. 'आदर' बद्दल शब्दपारखी यांनी लिहिलंय ते इथेही लागू आहे.

---

चौकटमोड (धागाकर्ती)

सगळ्यांचे आभार. उलटी विधानं ठेवतेय आणि नकार काढून पुन्हा लिहितेय. एक शंका: नावात 'राइट-विंग' आहे, मग ही श्रेणी फक्त उजव्या राजकारणाच्या लोकांना पकडते का? आणि धोक्याची भावना वेगळी मोजली तर ती आधी विचारावी की नंतर?

---

दुपदरी

ऑल्टमायर यांच्या वापरात 'राइट' म्हणजे समाजात प्रस्थापित असलेली सत्ता, मग ती कोणत्याही रंगाची असो. मॅकफार्लंड, अगेयेव आणि अबालाकिना यांचं १९९२ चं सोव्हिएत काम वाचा. तिथे आरडब्ल्यूएवर वरचे गुण असलेले लोक साम्यवादी व्यवस्थेच्या बाजूने झुकलेले आढळले. मात्र प्रस्थापित सत्ता उलथू पाहणारी डावी हुकूमशाही वृत्ती ही श्रेणी पकडत नाही. एफ स्केलच्या संशोधनावरचा शिल्स यांचा १९५४ चा आक्षेप याच अंगाचा होता. त्यासाठी कॉस्टेलो आणि सहकाऱ्यांची २०२२ ची ३९ विधानांची वेगळी श्रेणी आहे.

धोका नंतर विचारा. फेल्डमन आणि स्टेनर यांनी १९९७ मध्ये दाखवलं की हुकूमशाही प्रवृत्ती आणि असहिष्णुता यांचं नातं धोका जाणवत असताना जास्त घट्ट होतं. म्हणून धोक्याचे प्रश्न आधी विचारलेत तर तुम्हीच धोका मनात आणून देता आणि पुढची उत्तरं त्यावर हलतात. विश्लेषणात धोका आणि प्रवृत्ती यांचा गुणाकार घाला, त्याआधी दोन्ही आकड्यांतून त्यांची त्यांची सरासरी वजा करून घ्या.

---

मापनपट्टी

अवांतर, पण महत्त्वाचं: प्रश्नावलीच्या माथ्यावर 'हुकूमशाही' हा शब्द छापू नका. 'सामाजिक प्रश्नांवरील मतं' एवढं पुरे. आणि कुणी स्वतःचे गुण मागितले तर 'अमुक गुणांच्या पुढे हुकूमशहा' अशी रेघ मारू नका. या श्रेणीला निदानाची सीमारेषा नाही. एकाच नमुन्यातली माणसं एकमेकांच्या तुलनेत कुठे आहेत, एवढंच ती सांगते.