रत्नागिरीच्या आळ्यांचा इतिहास: कुठली पुस्तकं, कुठल्या डिरेक्टऱ्या?

परटवणेकरीण:
नमस्कार मंडळी. माहेर रत्नागिरीचं, सध्या मुक्काम पुण्यात. सुट्टीत भाचरं जमली की त्यांना गावात फिरवून आणायचं काम माझ्याकडे. टिळकांचं घर, थिबा पॅलेस, पतितपावन, किल्ला एवढं झालं की माझी गाडी अडते. रामआळीतून जाताना "मावशी, इथे आधी काय होतं?" असं विचारलं की मी गप्प. थोरामोठ्यांवरची पुस्तकं आहेत हो भरपूर. मला हवंय ते वेगळं: आळीत कुणाची पेढी होती, मांडवीला बोट लागायची तेव्हा माल कुणाकडे उतरायचा, खालच्या आळीत कोण राहायचं. मोठ्या शहरांच्या जुन्या डिरेक्टऱ्या असतात, धंद्यांची आणि माणसांची नावं पत्त्यांसकट देणाऱ्या. तसलं आपल्याकडे काही? १९६२चं सरकारी गॅझेटियर उतरवून घेतलंय, पण दोन पानांत डोळे मिटतात.

गडकोटवेडा:
१९६२चं बाजूला ठेवा, आधी १८८०चं काढा. मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरचा दहावा खंड, कॅम्पबेलसाहेबाने संपादलेला, रत्नागिरी आणि सावंतवाडी एकत्र. नेटवर फुकट आहे. पहिल्या पानापासून सुरुवात केलीत तर पुन्हा झोपाल. रत्नागिरीच्या भागातलं शेवटचं प्रकरण गावांचं आहे, त्यातली रत्नागिरी वाचा, मग मागे येऊन व्यापाराचं प्रकरण. थिबा त्यात शोधू नका, त्याला इथे आणला १८८६ मध्ये. जिल्ह्याचं ठाणं बाणकोटहून रत्नागिरीला आलं १८२२ मध्ये, हेही डोक्यात असू द्या; कचेऱ्या, कारकून, वकील ही सगळी वस्ती त्यानंतरची. आणि इंग्रजी कागदांत विजयदुर्ग 'घेरिया' म्हणून सापडतो, बाणकोटचा किल्ला 'फोर्ट व्हिक्टोरिया' म्हणून. आपल्या नावाने शोधलंत तर निम्मं हाती लागत नाही.

जुना कंपोझिटर:
बाय, गॅझेटियर वाच, नाही म्हणत नाही. पण तुला हवंय ते त्यात मिळायचं नाही. सारा किती, माड किती, बंदरात गलबतं किती, याची साहेबाला काळजी. आळीत कुणाचं दुकान, याच्याशी त्याला काय देणंघेणं?

डिरेक्टरी छापायची तर ती विकत घेणारं गिऱ्हाईक लागतं. ते मुंबईत होतं. आपल्याकडे तेच काम स्मरणिकांनी केलं. शाळेचा सुवर्णमहोत्सव, गणेशोत्सवाची पन्नाशी, नाट्यमंडळ, पतपेढी. पुढचे लेख सोड. अध्यक्षांचं मनोगत सगळीकडे एकच असतं, फोटो तेवढा बदलतो. स्मरणिका मागून उघडायची. जाहिराती!

मी उमेदवारीला लागलो तेव्हा शिशाचे खिळे जुळवून ट्रेडलवर, म्हणजे पायाने चालवायच्या यंत्रावर, छपाई चालायची. नव्या पोराला मालक जाहिरातीच जुळवायला देत. पानभर, अर्धं पान, पाव पान, आणि ज्याला तेही परवडत नसे त्याचं 'हार्दिक शुभेच्छा'च्या चौकटीत नुसतं नाव. त्या चौकटींत अख्खी बाजारपेठ बसलेली असते: किराणा-भुसार, भाड्याच्या सायकली, मंगलोरी कौलं, तपकीर, सुकी मासळी, जाळ्याचं सूत. नाव, धंदा, आळी, आणि समोरची खूण.

आता वाचायची कशी ते ऐक. एकाच दुकानाच्या जाहिराती सालवार लाव. आधी 'आणि बंधू' असतं. पुढे कधीतरी त्याच आळीत त्याच आडनावाची दोन दुकानं दिसतात, आणि दोन्ही चौकटींच्या तळाला ठळक टाइपात: 'आमची इतरत्र कोठेही शाखा नाही'. भाऊ वेगळे झाले! इतिहासाच्या पुस्तकात हे कोण लिहितो? इथे दोघांनी पदरचे पैसे देऊन छापलंय.

दुसरं, फोन. नंबरापुढे 'पी.पी.' दिसलं तर तो फोन शेजाऱ्याचा, निरोप आला की हाक मारायची. तोच नंबर आणखी कुणाकुणाच्या चौकटीत आहे ते बघ. कोण कुणाच्या हाकेच्या अंतरावर होतं ते कळतं, म्हणजे निम्मा नकाशा झालाच. टेलिफोनची जुनी डिरेक्टरी मिळाली तर ताडून घ्यायला ठीक. पण तीत फोनवालाच माणूस भेटणार, आणि तेव्हा फोन म्हणजे डॉक्टर, वकील, आंब्याचा व्यापारी. स्मरणिकेत न्हावीही असतो, इस्त्रीवालाही.

बऱ्याच स्मरणिकांचं मुखपृष्ठ उडालेलं असतं, साल कळत नाही. किंमत नुसती आण्यांत असेल तर १९५७च्या आधीची किंवा अगदी लगतची. 'मुंबई राज्य' असेल तर १ मे १९६०च्या अलीकडे यायची गरज नाही. पत्त्यात ४१५६१२ हा पिनकोड असेल तर ऑगस्ट १९७२नंतरची. मालवण-वेंगुर्ल्याचा दुकानदार 'जि. रत्नागिरी' लिहीत असेल तर बहुधा १ मे १९८१पूर्वीची, सिंधुदुर्ग वेगळा झाला त्याच्या आधीची. बहुधा म्हणतो, कारण जाहिरातीचा जुना ब्लॉक, म्हणजे छपाईचा तयार ठसा, वर्षानुवर्षं तोच चालवणारी गिऱ्हाइकं होती. नवा ब्लॉक करायला पैसे पडतात ना.

मिळतील कुठे? नगर वाचनालय १८२८चं, गॅझेटियरहून बावन्न वर्षांनी थोरलं, तिथे विचारून सुरुवात कर. पण एकूणच स्मरणिकेला पुस्तक कुणी मानत नाही. बराचसा साठा शाळांच्या कार्यालयांत, मंडळांच्या पेट्यांत आणि बंद पडलेल्या छापखान्यांच्या माळ्यांवर.

सुरमई:
काका, कुलवृत्तान्त, म्हणजे एकेका घराण्याची छापील माहिती, विसरलात की काय? आमच्या घरी सासऱ्यांनी जपून ठेवलेला आहे. मूळ गाव, कोण कधी मुंबईला गेलं, नोकरी कुठे, बिऱ्हाड कुठे, सगळं एका जागी. डिरेक्टरीच की ती.

जुना कंपोझिटर:
विसरेन कसा, सुरमईताई? कुलवृत्तान्ताची प्रुफं वाचून डोळे गेले माझे. उपयोगी आहेतच. पण ज्याने पत्राला उत्तर पाठवलं त्याची शाखा पानभर, नाही पाठवलं तो एका ओळीत आटोपतो. जुन्या आवृत्त्यांत मुलगी लग्नापाशी थांबते. शिवाय ते बहुतेक ब्राह्मण घराण्यांचे. तेवढ्यावर रत्नागिरी उभी केली तर मिरकरवाडा, राजिवडा या मच्छीमार वस्त्या नाहीत, आणि ज्यांच्या जिवावर बंदर चाललं ते दालदी, खारवी, भंडारी कुणीच नाहीत.

त्यांच्यासाठी शाळेचं जनरल रजिस्टर. मुलाचं नाव, जन्मगाव, जात, आधीची शाळा, आणि शेवटी 'शाळा सोडल्याचे कारण'. तो रकाना टाळू नका. एकेका वाडीतली पोरं कुठल्या इयत्तेला गळतात ते एका बोटाने खाली सरकत गेलं की दिसतं. हेडमास्तरांची रीतसर परवानगी घ्यायची, आणि आजही हयात असलेल्यांची नावं बाहेर सांगत सुटायचं नाही. मच्छीमार सोसायट्यांचे वार्षिक अहवालही बघा, कंटाळवाणे असतात पण सभासदांची नावं असली तर सोनं.

मोजणीवाला:
काकांच्या चौकटीतला 'अमुक देवळासमोर' हा पत्ता जमिनीवर बसवायचा असेल तर सिटी सर्व्हेचा नकाशा लागेल. नकाशावरून सि.स.नं. (सिटी सर्व्हे नंबर) काढायचा, त्यावरून मिळकत पत्रिका. धारक कोण, खरेदी कधी, वारस कधी लागले, सगळं तारखेसह. ऑनलाइन मिळते ती चालू पत्रिका; जुन्या नोंदींसाठी कार्यालयात नकलेचा अर्ज करा. घरातली जुनी खरेदीखतं मोडी लिपीत असण्याची तयारी ठेवा, वाचणारं माणूस आधीच गाठून ठेवा. एक अडचण आहे: पत्रिकेवर मालक असतो, भाड्याने दुकान चालवणारा नसतो. तिथे पुन्हा जाहिरातीच.

परटवणेकरीण:
काका, 'शाखा नाही' वाचून आईला फोन लावला. तिने लगेच आमच्याच आळीतली दोन आडनावं सांगितली, इथे लिहीत नाही! मेमध्ये येतेय, तेव्हाच सुरुवात करते.

जुना कंपोझिटर:
मेमध्ये नको गो. शाळांना सुट्टी, अर्धं गाव आंब्याच्या पेट्यांत, कपाटाची किल्ली कुणाकडे आहे तेही कळायचं नाही. गणपती झाले की ये. आणि झेरॉक्सच्या भानगडीत पडू नकोस, जुना कागद घडीवर तुटतो. मोबाइलने फोटो काढ, पण दर वेळी आधी पहिल्या पानाचा आणि मग जाहिरातींचा. नाहीतर पुण्याला गेल्यावर कुठली चौकट कुठल्या स्मरणिकेतली, हे शोधत बसशील.