मदत हवी आहे : बर्नार्ड हेप्टन यांची साठच्या दशकातली कामं

ब्रिटिश चरित्र अभिनेते बर्नार्ड हेप्टन यांच्या टीव्हीवरच्या कामांवर एक सविस्तर लेख लिहितेय. सत्तरच्या दशकापासूनचं बरंचसं पाहून झालंय: ‘कोल्डिट्झ’मधला जर्मन कमांडंट, ‘आय, क्लॉडियस’मधला पॅलस, ‘सीक्रेट आर्मी’मधला आल्बेर. त्यांनी रंगवलेला गुप्तहेर टोबी एस्टरहेझ तर मी पुन्हा पुन्हा पाहते. १९७९च्या ‘टिंकर टेलर सोल्जर स्पाय’मध्ये तो अगदी ठेवणीतलं, उच्चभ्रू इंग्रजी बोलतो आणि १९८२च्या ‘स्मायलीज पीपल’मध्ये त्याच माणसाच्या बोलण्यात परका हेल येतो. इतका बारकाईनं काम करणारा नट क्वचितच दिसतो!

गाडी अडलीय ती १९७०च्या आधीच्या कामांपाशी. त्या काळी बीबीसी टेप पुसून पुन्हा वापरत असे, त्यामुळे बरंच काही कायमचं गेलंय. ‘बीबीसी जिनोम’ या बीबीसीच्या ऑनलाइन संग्रहात ‘रेडिओ टाइम्स’ या कार्यक्रमपत्रिकेच्या साप्ताहिकातल्या नोंदी चाळल्या. त्यातून काय, कधी प्रक्षेपित होणार होतं आणि कोण कोण होतं ते कळतं, पण चित्रण शिल्लक आहे का ते कळत नाही. यूट्यूब आणि डीव्हीडींच्या याद्याही पाहून झाल्या.

मी पुण्यात असते, लंडनला जाणं सध्या शक्य नाही. पैसे भरायची तयारी आहे, पण चोरीच्या प्रती नकोत. एखाद्या भागाचं चित्रण शिल्लक आहे की नाही, हे खात्रीनं कुठे कळेल? आणि ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटच्या संग्रहातलं काही इथे बसून रीतसर पाहायची सोय कुणी करून घेतली आहे का, असल्यास कशी?