योम ह्ये-रान यांच्याविषयी थोडेसे

कोरियन मालिकांत आई, मावशी, शेजारीण अशा भूमिकांत अडकलेल्या अभिनेत्रीला पुढे वाव उरत नाही, असे एक मत मांडले जाते; कोरियन अभिनेत्री योम ह्ये-रान यांच्या बाबतीत ते पटत नाही. रंगभूमीवरून आलेल्या या अभिनेत्रीला मोठा प्रेक्षकवर्ग ओळखू लागला तो 'गॉब्लिन'मधील (२०१६) लोभी, खाष्ट मावशीमुळे, म्हणजे चाळिशीच्या सुमारास. त्यानंतर 'व्हेन द कमेलिया ब्लूम्स'मध्ये (२०१९) त्या करारी वकील झाल्या. 'द ग्लोरी'मध्ये नवऱ्याचा मार खाणारी, तरीही विनोदबुद्धी न गमावलेली ह्योन-नाम त्यांनी अशी उभी केली, की सूडकथेच्या त्या थंड वातावरणात खरी ऊब तिच्याच प्रसंगांत जाणवते. 'मास्क गर्ल'मधील सूडाने पेटलेली आई आणि 'व्हेन लाइफ गिव्ह्ज यू टँजरिन्स'मधील, जेजू बेटावर समुद्रात बुड्या मारून संसार ओढणारी व तिशीही न गाठता मरणारी आई, या दोन्ही भूमिकांसाठी त्यांना २०२४ आणि २०२५ असे लागोपाठ दोनदा बेकसांग या दक्षिण कोरियातील मानाच्या पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचा मान मिळाला. दोन्ही आयाच, परंतु एकीची छटा दुसरीत सापडत नाही. माझ्या मते दुसरी भूमिका अधिक अवघड, कारण तिथे आक्रस्ताळेपणाचा आधार नाही.